धुनीसाठी आणलेला पाट

"बाबा, धुनीत कसलंही लाकूड चालतं ना?"

सोमगिर बाबा धुनीतली राख सारखी करत होते. त्यांनी वर पाहिलं. माझ्या काखेत पाट होता.

"कुठला हा?"

"घरचाच. भाऊबीजेचा. वर्षातून एकदाच बाहेर निघतो. आक्का मला याच्यावर बसवून ओवाळायची."

आक्का, माझी थोरली बहीण, श्रावणात तापाने गेली. बाबांना ते ठाऊक होतं. तेराव्याला ते घरी आले होते.

"आज भाऊबीज. तू इथे कसा?"

"आई म्हणाली, यंदा फराळ नाही, पण ओवाळणं चुकवायचं नाही. धाकटी शेवंती ओवाळील. आठ वर्षांची आहे ती, बाबा! आक्काचं ताट घेऊन उभी राहिली. मी बसलो. दोन फेरे झाले असतील. मग उठलो आणि पाट उचलून निघालो."

"आणि शेवंती?"

"धक्का लागला. निरांजन सांडलं तिचं."

बाबांनी राखेतला हात काढून घेतला.

"टाका ना आत. मला तो घरात दिसायला नको."

"टाकू की. सागवान आहे, चांगला जळेल." त्यांनी पाट घेतला आणि धुनीपुढे जमिनीवर मांडला. "त्याआधी एकदा दाखव. आक्का कशी ओवाळायची?"

"तुम्हाला ओवाळणं माहीत नाही?"

"मी घर सोडलं तेव्हा माझी बहीण पाळण्यात होती."

मग मी दाखवलं. कुंकू लावताना निम्मं माझ्या नाकावर सांडायची. अक्षता टाकायची नाही, फेकून मारायची. मग ताट. मी पाटासमोर हात फिरवला.

"डाव्या हाताने?"

"आक्का डावखुरी. त्यात उलटं फिरवायची. आई दरवर्षी ओरडायची, अगं, भावाला ओवाळतेस की जातं फिरवतेस? आक्का म्हणायची, सरळ ओवाळून हा कुठे सरळ होणार आहे!"

मला हसू आलं. मग ते राहिलं नाही. हात मात्र रिकाम्या पाटासमोर फिरतच होता.

बाबा त्या हाताकडे बघत होते.

"शेवंतीही डावखुरी?"

"नाही. जेवते, लिहिते, सगळं उजव्याने."

"आज ताट कुठल्या हातात होतं?"

माझा हात थांबला.

"डाव्या."

"आणि फिरवत कसं होती?"

"उलटं... म्हणूनच तर मी..."

धुनीतलं एक लाकूड खाली बसलं. बाबांनी पाट उचलला, कफनीच्या टोकाने पुसला आणि माझ्या काखेत दिला.

"ओवाळून व्हायच्या आधी भाऊ उठतो का रे?"