लाल दोऱ्याची पत्ती

"पण आबा, मी कमी कुठं पडतो?"

विनायक गुरवानं हे तिसऱ्यांदा विचारलं. पन्नाशीचा बाप्या, मुंबईच्या मोठ्या वाद्यवृंदात बासून वाजवतो. बासून म्हणजे माणसाएवढी लाकडी नळी, आपल्या सनईची जाड आवाजाची थोरली बहीण. बावीस वर्षं हा दुसऱ्या खुर्चीवर. पहिल्या खुर्चीवाला आता निवृत्त झालेला. त्या जागेसाठी शुक्रवारी परीक्षा. हुकली, तर पोराच्या वयाच्या कुणाच्या तरी हाताखाली बसायचं.

म्हणून आला होता. फुंकायला शिकवलं ते आबांनीच, आत्ता आम्ही तिघं बसलो होतो त्याच देवळाच्या ओट्यावर.

"पत्त्या काढ," आबा म्हणाले.

वाद्याच्या तोंडाशी लावून फुंकायच्या बोरूच्या पत्त्या तो स्वतः तासतो. डबीत वीसेक होत्या. एकीला लाल दोरा.

"ही रे?"

"ती सगळ्यांत गोड. दोन वर्षांमागं जमली. ठेवून दिलीय."

"कशाला?"

"अशाच दिवसासाठी. शुक्रवारी लावीन."

"दोन वर्षांत शुक्रवार आलेच नाहीत व्हय?"



आबांनी ती पत्ती उचलली आणि सरळ तोंडात घातली. दात पडले तशी आबांची सनई सुटली, त्याला आठ वर्षं झाली.

"आबा, नको! झिजेल ती!"

आबांनी फुंकली. बदक ओरडावं तसा आवाज. पुन्हा फुंकली. डोळे मिटून अर्धा तास तेच. ओट्याखालचं कुत्रं उठून गेलं. मलाही जावंसं वाटलं.

शेवटी चपटी झालेली पत्ती त्यांनी धोतराला पुसली नि विनायकाच्या हातावर ठेवली.

त्याचे डोळे भरले. "आता काय लावू मी? बाकीच्या नुसत्या रोजच्या आहेत."

"बावीस वर्षं लोकांनी कुठल्या ऐकल्या?"

"याच... रोजच्या."

"मग ती दोऱ्याची कुणाची होती?"

विनायक हाताकडं बघत राहिला.

"माझीच... म्हणजे, आबा, आतून मी जसा वाजवतो ना... तसं वाजवणाऱ्याची. खऱ्या विनायकाची."

"असं होय..."

आबा गुडघ्यावर हात टेकून उठले.

"मग शुक्रवारी त्याला पाठव. तू इकडं जेवायला ये."