बुवांवर आलेलं राज्य

"…आणि त्या बाईचं नाव काय?" आत्याबाईंनी विचारलं.

बुवा बोलता बोलता थांबले. ते गुहा मागायला आले होते. मध्येच हे बाईचं कुठून निघालं?

"कोणत्या बाईचं?"

"आत्ता रडून गेली तिचं."

बुवांना ठाऊक नव्हतं. ती बाई चार सोमवार ओळीने मठात येत होती. मुलगा कारखान्यावर म्हणून गेला तो गेलाच, ना निरोप ना खुशाली, असं ती चारही वेळा म्हणाली होती. आणि चारही वेळा बुवांनी तिला तेच सांगितलं होतं. कोण कुणाचा मुलगा, माउली? सगळ्यांत एकच तो भरून राहिलाय.

उत्तर त्यांना पाठ होतं. आता प्रश्नही पाठ झाले होते. हल्ली पायरीवर चपलेचा आवाज आला की त्यांच्या कपाळात कळ उठायची.

बालाघाटच्या डोंगरात, एका टेकडीच्या खांद्यावर हा मठ. खाली गाव, वर गुहा. आत्याबाई चाळीस वर्षांपूर्वी कुणाची तरी आत्या म्हणून गावात आल्या आणि साऱ्या गावाची आत्या होऊन बसल्या. मठ त्यांच्याकडे कसा आला हे आता कुणी विचारत नव्हतं. अलीकडे त्यांचे पाय सुजायचे. घमेल्यात कोमट पाणी घेऊन, त्यात पाय सोडून त्या लोकांचं ऐकायच्या.

बुवा इथे आले त्याला नऊ वर्षं झाली. मठाचा रिवाज असा की येणाऱ्याने चपला काढाव्यात तसं नावही उंबऱ्याबाहेर काढून ठेवायचं. इतरांना ते जड जायचं. बुवांना नाही गेलं. उलट अंगावरची ओली घोंगडी उतरावी तसं हलकं वाटलं होतं.

"मला एक वर्ष गुहेत बसू द्या," ते पुन्हा म्हणाले. "कुणी भेटायला यायचं नाही."

"माणसांचा कंटाळा आला का रे?"

"माणसांचा नाही. त्यांच्या मी-माझं-चा."

आत्याबाईंनी पाण्यातला पाय हलवला.

"लपता येतं का तुला?"

"मी बसायला मागतोय, आत्याबाई. लपायला नाही."

बाहेर अंगणात पत्र्याचा डबा खणखणत गेला आणि पोरांचा गलका उठला. उन्हं कलली की गावातली आठ-दहा पोरं रोज टेकडी चढून यायची. मठाचं अंगण त्यांनीच खेळून खेळून सारवल्यासारखं गुळगुळीत केलं होतं.

"त्या पोरांत जा," आत्याबाई म्हणाल्या. "अंगावर राज्य घे. ते उतरलं की गुहा तुझी."

"आणि नाही उतरलं तर?"

"तर नाही उतरलं…"

*

डबा ऐसपैस हा खेळ बुवांना बघून माहीत होता. एकाने डबा लांब भिरकावायचा. ज्याच्यावर राज्य, त्याने तो आणून रिंगणात ठेवायचा, तोवर बाकीचे लपणार. मग शोधायचं. कुणी दिसला की धावत येऊन डब्यावर पाय ठेवायचा आणि त्याचं नाव घेऊन ओरडायचं. सगळ्यांत आधी जो सापडेल त्याच्यावर पुढचं राज्य. पण नाव चुकलं, तर अंडं. अंडं झालं की सगळा डाव पहिल्यापासून, आणि राज्य त्याच्याच बोडक्यावर.

बघून माहीत असणं म्हणजे काय, ते पहिल्या अर्ध्या तासात कळलं.

चिंचेमागे निळा सदरा दिसला. बुवा धावत आले, डब्यावर पाय ठेवला, आणि पुढे काय म्हणायचं ते सुचेना. या पोरांना ते सरसकट 'बाळ' म्हणत आले होते. बायकांना माउली, पुरुषांना बाबा, पोरांना बाळ. नऊ वर्षं एवढ्यावर भागलं होतं.

पोरांनी मग आपापली नावं सांगितली. एकदाच, घाईघाईत.

दुसऱ्या खेपेला त्यांनी निळ्या सदऱ्याला उत्तरेश्वर म्हणून हाक मारली. निळ्या सदऱ्यातून बिभीषण बाहेर आला, आणि खऱ्या उत्तरेश्वराने, म्हणजे उत्त्याने, गोठ्याच्या छपरावरून कोंबडीसारखा आवाज काढला.

"अंडं!"

पोरांनी लपता लपता सदरे बदलले होते.

त्या दिवशी पाच अंडी झाली. दुसऱ्या दिवशी सात. बुवांची कोंबडी अंड्यांवर आली, असं पारू नावाची एक मुलगी खाली गावात सांगत सुटली. तिसऱ्या दिवशी बुवांचे गुडघे इतके भरून आले की आत्याबाईंच्या घमेल्यात त्यांनीही पाय सोडले.

"ही फसवणूक आहे," ते म्हणाले. "सदरे बदलतात."

"बदलू दे की. पोरगं तर तेच हाय."

"पण मी का ओळखायचं? तुम्हीच शिकवलंत ना, नावरूप वरवरचं. आत सगळ्यांत एकच आहे तो."

"हाय ना?"

"आहे."

"मग उद्या त्यालाच हाक मार. बघ ओ देतो का…"

बुवा चिडले. थकलेला माणूस चिडतो तसे, आवाज न चढवता.

"तुम्हाला कधी कंटाळा येत नाही?"

"येतो की. रोज येतो." आत्याबाईंनी डोळे मिटले. "ऐकता ऐकता डुलकी लागती. मग समोरची बाई गुडघा हलवती, म्हणती, आत्ये, निजलीस व्हय गं? मग पुन्हा ऐकायचं."

त्यांनी खरंच मान टाकली. बुवा त्यांच्याकडे बघत बसले. पाणी गार होत गेलं.

*

चौथ्या दिवसापासून बुवा ईर्ष्येने बघू लागले. त्यात माया वगैरे काही नव्हती. त्यांना गुहा हवी होती.

सदरा बदलता येतो, खोकला बदलता येत नाही. उत्त्याने दम धरला की त्याला ढास लागायची आणि तो ती तोंडात मूठ कोंबून दाबायचा. पारू डावी टाच घासत चालायची. लहानपणी चुलीत पाय गेला होता, हे दुसऱ्याच कुणीतरी सांगितलं. बिभीषण कितीही चांगला लपला तरी त्याच्या पायाची बोटं हलायची, जशी काही ती वेगळी मुलं होती आणि त्यांना खेळायला सोडलं नव्हतं. कुणी हिरव्या चिंचा खाल्ल्याशिवाय लपूच शकत नव्हता. कुणी लपल्यावर घाबरायचा आणि शोधणाऱ्याला मुद्दाम दिसायचा.

मध्येच सोमवार आला. ती बाई आली, बसली, पदर डोळ्याला लावला. बुवांनी पाठ केलेलं उत्तर जिभेवर घेतलं. पण त्यांची नजर तिच्या हातावर गेली. तिच्या एका करंगळीचं नख काळं पडलं होतं. मागच्या चार सोमवारी ते होतं का नव्हतं, काही केल्या त्यांना आठवेना.

"तुमचं नाव काय?" त्यांनी विचारलं.

ती रडायची थांबली. दचकल्यासारखी झाली.

"सुभद्रा."

"आणि मुलाचं?"

तिने मुलाचं नाव सांगितलं. मग तो शेवग्याची भाजी ताटातून कशी काढून टाकायचा ते सांगितलं. बुवांनी उत्तर दिलंच नाही. दुपार सगळी तशीच गेली. ती उठली तेव्हा बुवांना नांगर ओढल्यासारखा शीण आला होता.

नवव्या दिवशी त्यांनी पहिली पारू धरली आणि त्यानंतर एकेक करून सगळे. राहिला एक. निवडुंगाच्या कुंपणामागे लाल परकर दिसत होता. पारू तर आधीच सापडून रिंगणाशी उभी होती, कुणाच्या तरी ढगळ सदऱ्यात. परकर कुणाचा तेवढं कळत होतं, आत कोण ते नाही. बुवा थांबले. परकराच्या खाली अनवाणी पाय होते. बोटं हलत होती.

"डबा ऐसपैस, बिभीषण."

कुंपणामागून बिभीषण निघाला, परकर दोन्ही हातांनी वर धरून, तोंड पाडून. पोरं लोळायची बाकी राहिली. बुवा हसले नाहीत. पण हसू कुठे असतं ते गालाला आठवलं.

*

"राज्य उतरलं," त्यांनी आत्याबाईंना सांगितलं.

"ऐकलं. आता पारूवर हाय. मग आता तू लपायचंस."

"गुहा माझी, असं म्हणाला होतात."

"तिथंच लप की. कुणी नको म्हटलंय?"

डबा भिरकावला गेला. पोरं पांगली. बुवा मठामागच्या पायवाटेने गुहेत चढून गेले आणि आत मांडी घालून बसले.

हवी होती ती शांतता इथे होती. गार दगड, वटवाघळांचा वास, थेंब थेंब पाणी. त्यांनी डोळे मिटले. इतक्या वर कोण येतंय? बरंच झालं. श्वास खाली-वर होत राहिला.

थोड्या वेळाने त्यांच्या ध्यानात आलं की ते श्वास ऐकत नाहीयेत. ते पावलं ऐकतायत. डावी टाच घासत येणारी.

आली.

पारूने गुहेच्या तोंडातून आत डोकावलं, त्यांना बघितलं आणि वळून जी धूम ठोकली ती थेट अंगणात. बुवा मागून उतरत आले. तोवर पारूने डब्यावर पाय ठेवला होता. पण ती ओरडत नव्हती. बाकीची पोरंही लपायची सोडून पुढे आली होती.

"काय झालं?" बुवांनी विचारलं.

"नाव काय घेऊ?"

"बुवा म्हण."

"बुवा काय, लई असत्यात," उत्त्या म्हणाला. "नाव पायजे."

"मला नाव नाही. मठात नाव सोडतात."

पोरांची तिथल्या तिथे पंचायत बसली. नाव नाही तर हाक कशी मारायची? हाक नाही तर हा आऊट कसा होणार? आणि जो आऊटच होत नाही तो गडी कसला? शेवटी निकाल बिभीषणाने दिला. अजून परकर त्याच्या अंगावरच होता.

"मग तुमी कच्चं लिंबू," तो म्हणाला. वाईट वाटू नये म्हणून हळू म्हणाला. "ऱ्हावा खेळात. पण तुमाला धरायचं नाय."

बुवा जागच्या जागी उभे राहिले.

हा शब्द त्यांनी ऐकला होता. पाच-सहा वर्षांचे असताना. आई त्यांना उंबरा ओलांडू द्यायची नाही. गल्लीतली पोरं खेळायची आणि ते दाराच्या चौकटीला धरून बघायचे. एकदाच तिने सोडलं, तेव्हाही ती दहा पावलांवर उभी राहिली. पोरांनी तिच्याकडे बघितलं आणि सांगितलं, हा कच्चं लिंबू, याला कुणी हात लावायचा नाही. तासभर ते धावत होते. सगळे त्यांच्या बाजूने निघून जात होते, विहिरीला वळसा घालावा तसे.

"नाव आहे," ते म्हणाले. "…केरू."

कुणीतरी फिसकन हसलं.

"केर म्हंजी झाडून टाकत्यात तो?" पारूने विचारलं.

"तोच. माझ्याआधी तीन भावंडं गेली. मग मला जन्मल्याबरोबर उकिरड्यावर ठेवलं आणि परत उचललं. केर आहे म्हटल्यावर नेणारा नेत नाही म्हणून."

इतकं ते मठात कधी कुणाजवळ बोलले नव्हते. आत्याबाईंजवळसुद्धा नाही.

पोरांनी क्षणभर विचार केला.

"माजा चुलता धोंडू," उत्त्या म्हणाला. "त्याचं बी तसंच हाय." आणि त्याला ढास लागली.

विषय संपला. पारूने डब्यावर पाय आपटला.

"डबा ऐसपैस, केरू!"

टेकडीच्या उतारावरून तो आवाज खालच्या शिवारापर्यंत गेला असेल. इतक्या मोठ्याने ते नाव घरीही कुणी घेतलं नव्हतं. आई तर कुजबुजायची, कुणी ऐकेल म्हणून.

केरू आऊट झाला.

*

सूर्य टेकला तेव्हा तो आत्याबाईंसमोर येऊन बसला. पायाला कुसळं लागली होती. त्याने घमेलं ओढलं, हंड्यातलं कोमट पाणी ओतलं, त्यांचे पाय उचलून त्यात ठेवले.

"उद्या कुणावर?" आत्याबाईंनी विचारलं.

"माझ्यावर. पहिला मीच सापडलो."

"दमलास."

"हो."

खाली उतरणीवरून पोरांची बोलणी लांब लांब जात होती. मध्येच एक हाक मागे वळून आली. केरूबुवा, उद्या लवकर या, असं काहीतरी. केरूने ओ दिली. मग आपण ओ दिली हे त्याच्या ध्यानात आलं.

"आत्याबाई… ते गुहेचं…"

पुढे काय म्हणायचं होतं, ते त्याला आठवेना.

आत्याबाईंनी पाण्यातून पाय काढले. पदराने एकेक बोट निगुतीने पुसलं.

"जा की," त्या म्हणाल्या. "आता तुला लपता येईल."