कुंपणाबाहेरचे काका

एकदा एका कुळाच्या वंशावळीचा ग्रंथ छापता छापता अडला. गोष्ट जुनी आहे आणि फार दूरची, कोरिया देशाच्या पश्चिम किनाऱ्यावरची. तिथे लिम आडनावाचे एक मोठे कुळ नांदत होते. आडनाव मूळचे चीनमधले. तिकडे त्याला लिन म्हणतात आणि त्याचा अर्थ रान. सांगतात की प्राचीन काळी एका स्पष्टवक्त्या प्रधानाला राजाने ठार केले, तेव्हा त्याची गरोदर पत्नी रानात पळाली आणि झाडांच्या आडोशाने बाळंत झाली. बापाचे नाव उच्चारायची सोय नव्हती. पुढे राज्य पालटले आणि नव्या राजाने त्या मुलाला रानाचेच नाव आडनाव म्हणून दिले. ते पिढ्यान्‌पिढ्या चीनभर पसरले, आणि लिम कुळातले लोक सांगत त्याप्रमाणे, एके दिवशी एका होडीत बसून समुद्रापलीकडे उतरले.

या कुळाचा ग्रंथ दर तीस वर्षांनी नव्याने छापत. लाकडी ठशांवर नावे कोरायची, कागदावर उमटवायची, पाने शिवायची, की पुढची तीस वर्षे ग्रंथ बंद. हे काम ऐंशी वर्षांचे एक गुरुजी पाहत होते आणि त्यांच्या हाताखाली कुळातलाच एक तरुण शिष्य होता. सहा वर्षे तो गावोगाव हिंडून नावे जुळवत होता. हुशार होता, कष्टाळू होता. फक्त त्या कष्टांबरोबर मानेत थोडा ताठाही आला होता. खोटा लिम मी शंभर पावलांवरून ओळखतो, असे तो सांगे, आणि खरे म्हणजे ओळखतही असे. "मूळपुरुष होडीतून उतरला तेव्हापासून आपल्यात एक थेंब भेसळ नाही," असे तो म्हणाला की गुरुजी शाई घोटत बसत.

शेवटचे चार ठसे कोरायचे उरले होते. एका सकाळी दारात एक माणूस येऊन उभा राहिला. पंचेचाळिशीचा, रापलेला, तळहाताच्या भेगांत मीठ बसलेला. भेट म्हणून आणलेली मिठाची पुरचुंडी त्याने उंबऱ्यावर ठेवली आणि आपले नाव सांगितले, लिम सोक-मान.

"खाडीपलीकडं आमची चाळीस घरं आहेत," तो म्हणाला. "समुद्राचं पाणी भट्टीवर आटवून मीठ काढतो. सगळे लिम. आजवर कुणी विचारलं नाही, म्हणून आम्हीही आलो नाही. पण आता पोरीचं लग्न ठरलंय. मुलाकडचे म्हणतात, लिम आहात तर ग्रंथात दाखवा, नाहीतर सोयरीक मोडली समजा. पोर चार दिवस धड जेवली नाही, गुरुजी."

शिष्याने त्याला बाप, आजा, पणजा यांची नावे विचारली आणि ती ऐकून तो मनाशीच हसू लागला.

का हसला, ते कळायला तिथला एक रिवाज ठाऊक हवा. कुळातल्या एका पिढीच्या सगळ्या सख्ख्या, चुलत, अगदी दूरच्या भावांच्याही नावात एक अक्षर समान असते. पुढच्या पिढीला दुसरे अक्षर. त्यामुळे दोन अनोळखी लिम वाटेत भेटले तरी नावावरून कळते, कोण काका आणि कोण पुतण्या. मान वयाला नाही, पिढीला. आपण नातवाला आजोबांचे नाव हौसेने ठेवतो. तिकडे मात्र वाडवडिलांचे अक्षर लहानाला देणे म्हणजे अगदी मर्यादा सोडणे.

आणि 'सोक' हे अक्षर होते गुरुजींच्या वडिलांच्या पिढीचे. त्या पिढीतला शेवटचा माणूस जाऊनही चाळीसेक वर्षे झाली होती.

"गुरुजी, याच्या वयाच्या लिमांचं अक्षर वेगळं आहे," शिष्य म्हणाला. "हा दोन पिढ्या चुकलाय. याचा बाप दोन पिढ्या चुकलाय, आजाही तसाच. जुनं एखादं पान हाती लागलं असेल आणि त्यावरून नावं उचलली असतील. उचलायची तर निदान नीट तरी उचलायची!"

सोक-मानचा चेहरा उतरला. "आम्हाला वाचता कुठं येतं?" तो म्हणाला.

गुरुजींनी मान वर केली. "मग अक्षरं कुणी सांगितली तुम्हाला?"

"तुम्हीच की!" त्या माणसाला प्रश्नाचेच नवल वाटले. "शरदात तुम्ही टेकडीवर पूर्वजांच्या थडग्यांवरचं गवत कापता आणि सगळ्यांची नावं मोठ्यानं वाचता ना? आम्ही दरसाल येतो. कुंपणाच्या बाहेर, खालच्या अंगाला उभे राहतो. नवीन अक्षर कानावर पडलं की पुढं जन्मणाऱ्या पोरांना तेच ठेवायचं. माझ्या आज्याच्या आज्यापासून असंच चाललंय." मग जरासा ओशाळून तो म्हणाला, "फक्त एकदा, नवीन अक्षर घ्यायच्या सालीच, वारा लई होता. काहीच ऐकू आलं नाही. त्या साली जन्मलेली पाच पोरं अजून बिनअक्षराचीच आहेत."

थडग्यांपुढे नावे वाचतात ती मेलेल्यांची. म्हणजे एखाद्या पिढीचे अक्षर कुंपणाबाहेर पोचायचे ते ती पिढी मातीआड जाऊ लागल्यावर. दोन पिढ्यांची चूक कुठून आली, त्याचा हिशेब शिष्याला लगेच लागला. चूक पकडल्याचा आनंद मात्र अजून गेला नव्हता.

"तुमचा मूळपुरुष आमच्या मूळपुरुषाचा कोण लागत होता?" गुरुजींनी विचारले.

"ते ठाऊक नाही. आजी म्हणायची, होडी काय आपली आपण चालत नाही, वल्ही मारायला कुणीतरी असेलच. तो मुलगा होता की चाकर, देव जाणे. पोरीसाठी आलोय म्हणून खोटं कसं सांगू?"

तेव्हा गुरुजी हात टेकत उठले. त्यांनी अंगरखा नीट केला, मिठाच्या पुरचुंडीपलीकडे उभ्या असलेल्या त्या माणसासमोर ते गुडघ्यांवर बसले आणि कपाळ जमिनीला लागेपर्यंत वाकले. "काका, आत या," ते म्हणाले.

सोक-मान असा गांगरला की त्यानेही झटकन गुडघे टेकले. दोघे समोरासमोर जमिनीवर वाकलेले, आणि आधी कोणी उठायचे ते दोघांनाही कळेना. शिष्याला हसू आले नाही. म्हाताऱ्याचे भान सुटले की काय, या भीतीने त्याने धावत जाऊन गुरुजींना उठवले.

"गुरुजी, आपला मूळपुरुष कोण ते याला सांगता येत नाही, आणि तुम्ही याला काका म्हणता?"

"आपल्या ग्रंथाचं पहिलं पान काढ," गुरुजी म्हणाले. "मूळपुरुषाच्या बापाचं नाव वाच."

शिष्याने पान काढले. ते त्याला पाठ होते, तरी त्याने पुन्हा पाहिले. "नोंद नाही," तो हळूच म्हणाला.

"नोंद नाही. परक्या किनाऱ्यावर तो उतरला तेव्हा त्याच्यापाशी फक्त एक नाव होतं, आणि इथल्या लोकांनी त्यावर विश्वास ठेवला. त्याच्याही आधी, रानात जन्मलेल्या त्या पोराकडे तरी काय पुरावा होता? हे नाव पहिल्यांदा दिलं गेलं ते आसरा म्हणून. आपण मागाहून त्याचं कुंपण केलं. तू चूक पकडलीस, बाळ, ती बरोबर पकडलीस. पण ती झाली कशी, ते पाहिलं नाहीस. कुंपणाच्या आत उभं राहणाऱ्याच्या हातून ही चूक होऊच शकत नाही. ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या कुणी आत बोलावलं नाही आणि तरीही ज्यांनी एक शरद चुकवला नाही, त्यांच्याच हातून ती होते." गुरुजींचा आवाज ओला झाला होता. "माझ्या वडिलांचं अक्षर आता फक्त दगडावर उरलंय, असं मला वाटत होतं. खाडीपलीकडं चाळीस घरांत त्या अक्षरानं लोकांना जेवायला हाका मारतात, हे मला आज कळलं."

"पण ग्रंथात खोटं कसं लिहायचं?"

"एक अक्षर खोटं लिहायचं नाही. घे कुंचला." आणि गुरुजींनी सांगितले ते असे: खाडीपलीकडील चाळीस घरांचा मूळपुरुष ग्रंथास ठाऊक नाही. ती घरे आमच्या पूर्वजांची नावे कुंपणाबाहेर उभी राहून ऐकत आली व जपत आली. त्यांची पिढी त्यांच्या अक्षराप्रमाणे मानावी.

लिहून होईपर्यंत शिष्याला दुसरा हिशेब लागला. गुरुजी आपल्या आजोबांच्या पिढीचे. मग त्यांचा हा काका, म्हणजे आपला कोण? पणजोबांच्या पिढीचा! त्याने कुंचला खाली ठेवला. सहा वर्षांत खोटे म्हणून दारातून परत पाठवलेले चेहरे त्याच्यासमोर एकेक करून येऊ लागले, आणि त्यांतल्या किती जणांना आपण 'तुम्हाला हे कुणी सांगितलं' एवढे तरी विचारले होते, ते त्याला आठवेना. त्याला स्वतःची फार लाज वाटली. तो सोक-मानपुढे वाकला, आणि वाकताना त्याची मान पहिल्यांदा दुखली नाही.

मुलाकडच्यांनी ती नोंद वाचून नाके मुरडलीच. पण लग्नाच्या दिवशी ऐंशी वर्षांचे गुरुजी काठी टेकत खाडी ओलांडून आले आणि "मी नवरीचा चुलत भाऊ" असे सांगून वधूपक्षात सगळ्यांच्या मागे जाऊन बसले, तेव्हा कुणाला बोलायला तोंडच उरले नाही. नवरी त्या दिवशी पोटभर जेवली.

त्या शरदात गुरुजींचा आवाज क्षीण झाला होता, म्हणून नावे वाचायचे काम शिष्याकडे आले. सोक-मान आणि त्याची माणसे कुंपणाच्या आत, पहिल्या रांगेत उभी होती. वाऱ्याच्या साली जन्मलेल्या त्या पाच बिनअक्षरी जणांनाही गुरुजींनी अक्षर दिले होते. शिष्य अर्ध्या यादीपर्यंत आला आणि त्याची नजर सहज वर गेली. कुंपणाबाहेर, खालच्या अंगाला, एक अनोळखी जोडपे उभे होते. पाठीवर वेताच्या टोपल्या, माना पुढे, कान इकडे लागलेले.

ती कोण, ते त्याला ठाऊक नव्हते. टेकडीवर वारा सुटला होता. शिष्याने दोघांना हाताने आत यायची खूण केली, वारा पडेपर्यंत थांबला, आणि मग पहिल्या नावापासून पुन्हा मोठ्याने वाचायला लागला.