ठकाआत्याची काडी

घाटावर मीठ बैलांच्या पाठीवरून यायचं, त्या काळची ही गोष्ट. आडघाटवाडीत तेव्हा सप्ताळूची शंभर झाडं होती. सप्ताळू म्हणजे हल्ली आपण ज्याला पीच म्हणतो ते, अंगावर लव असलेलं गोड फळ. सगळ्या वाडीचं पोट त्याच्यावर चालायचं.

एका पावसाळ्यात झाडांच्या बुंध्यांतून डिंक वाहू लागला. देवीला पान्हा फुटला, असं गाव म्हणालं! मग काय विचारता, हळदकुंकू, घंटा, ताशे. ज्या झाडाला डिंक जास्त, त्याची पूजा मोठी. इकडे शेंडे वाळत चालले होते, पण वर बघायला सवड कुणाला होती?

ठकाआत्या लहानपणीच्या तापात ठार बहिरी झालेली. एका सकाळी दात घासता घासताच ती पाया पडायला आली. वाकताना तोंडातल्या करंजाच्या काडीचं टोक बुंध्याला टेकलं आणि तिचा जबडा झिणझिणला. आत कुणीतरी कुरतडत होतं. इतक्या वर्षांनी आत्याला काहीतरी ऐकू आलं होतं. तिला रडूच फुटलं.

“पान्हा न्हाई पाटील, झाडाचं रगत हाय ह्ये! आत किडा हाय!”

गाव खवळलं. रावजी पाटील काय काय बोलले ते तिला कळलं नाही, पण त्यांनी वेशीकडे दाखवलेलं बोट बरोबर कळलं. किडा निघाला नाही, तर गाव सोडायचं.

“सोडते,” आत्या म्हणाली आणि तिने तारेचा आकडा मागितला.

काडी दातांत धरून ती बुंध्याभोवती फिरली, एका जागी थांबली. तिथलं देवीचं कुंकू तिने पदराने पुसलं, तेव्हा बायकांनी देवीला हात जोडले. मग आकडा आत गेला आणि बोटाएवढी पांढरी अळी वळवळत बाहेर आली. पाटलांच्या हातातली घंटा गळून पडली, असं म्हणतात.

सात दिवस आत्या त्याच काडीने एकेक झाड ऐकत गेली. अन्नाला शिवली नाही, असं म्हणतात. शेवटची अळी निघाली आणि भर भाद्रपदात सगळी बाग गुलाबी फुलली, असंही म्हणतात. तिने काडी रोवली तिथे करंज उगवला. फुलं पाहिलेलं कुणी उरलं नाही, करंज मात्र अजून आहे.

दर भाद्रपदात वाडी एक दिवस मुकी राहते. घंटा नाही, ताशा नाही, हाकसुद्धा नाही. लहानथोर त्या करंजाची काडी दातांत धरून झाडाला टेकवतात आणि डोळे मिटतात. काही जाणवलं नाही, तरच कुंकू लावतात. आणि पहिली काडी पाटलांच्या घरातल्या माणसानेच धरायची असते.