पडद्याकडे पाठ

एकदा एका थकलेल्या शिष्याने आपल्या गुरूंना स्वतःचा पराभव पाहायला बोलावले. शिष्य डोंगरदऱ्यांतल्या साहसी मोहिमांचे माहितीपट करी. नोकरी नाही, पाठीशी कोणी नाही, ओझे मात्र सदैव पाठीवर. याच कामात गुरूंचे केस पांढरे झाले होते आणि शिष्याचे गुडघे आता बोलू लागले होते.

तालुक्याच्या गावातील वाचनालयाच्या सभागृहात त्याचा नवा माहितीपट लागला. गोठलेल्या नदीवरून चालत जाणाऱ्या मंडळींबरोबर त्याने अख्खा हिवाळा काढला होता. पाहायला आली मोजून सात माणसे, आणि त्यांतलीही दोन पंख्याखाली डुलक्या काढायला.

"बंदच करतो, सर," शिष्य मध्येच म्हणाला. "लग्नांचं शूटिंग करणाऱ्या एका कंपनीनं बोलावलंय. महिन्याच्या महिन्याला पगार. संध्याकाळपर्यंत कळवायचंय. हो म्हणून टाकतो. जीव विटला माझा."

गुरूंनी आपली खुर्ची उचलली, पडद्याखाली नेऊन ठेवली आणि पडद्याकडे पाठ करून प्रेक्षकांसमोर बसले. शिष्याला मेल्याहून मेल्यासारखे झाले. ज्यांनी शिकवले, त्यांनीच पाठ फिरवावी! तो वाकून जवळ गेला आणि कुजबुजला, "सर, इतकं वाईट झालंय का?"

"मला कुठं दिसतंय?" गुरू हलकेच म्हणाले. "अरे, शिखरावर पोचल्यावर सगळे दरीकडे बघतात आणि आपण कॅमेरा घेऊन त्यांच्या तोंडाकडे बघतो. आपली जागाच ती. इथं येऊन ती का सोडलीस? मीही थकलोय बाबा, तुला थांब म्हणायचं तर कुठल्या तोंडानं म्हणू? सोडायचं तर खुशाल सोड. पण काय सोडतोयस, ते बघून सोड."

शिष्य खुर्ची ओढून त्यांच्या शेजारी बसला. मागे बर्फ तडकल्याचा आवाज झाला. पडद्यावरची माणसे आता बूट काढून त्या जीवघेण्या पाण्यात उतरत असणार, हे त्याला न पाहताही ठाऊक होते. दुसऱ्या रांगेत एक बाई भाजीची पिशवी मांडीवर घेऊन बसल्या होत्या. त्यांनी चपला तिथेच सोडल्या आणि दोन्ही पाय अलगद जमिनीवरून वर उचलून घेतले. माणसे पलीकडच्या काठाला लागेपर्यंत त्यांनी ते खाली टेकवले नाहीत.

शिष्य त्या पायांकडे बघतच राहिला. गुरूंनी त्याच्याकडे पाहिले नाही; तेही त्या पायांकडेच पाहत होते.

संध्याकाळी त्याने कंपनीला नकार कळवला. थकवा काही गेला नाही. तो जायचाही नव्हता. पण आपले काम वाया गेले की नाही, हे कामाकडे टक लावून कळत नाही. ते ज्यांच्यासाठी केले, त्यांच्याकडे तोंड करून बसावे लागते.