पांढरी छत्री, काळी छत्री

डोंगराच्या पायथ्याशी, झाडीत अर्ध्या बुडालेल्या एका गावात एक मुलगी शिकून परत आली. तिचं नाव वैजू. दूरच्या शहरात राहून ती एक विचित्र विद्या शिकली होती. कुजलेल्या लाकडावर, पाचोळ्यावर, शेणावर उगवणाऱ्या बोटभर छत्र्या ओळखायच्या आणि कोणती कुठल्या प्रकारची ते ठरवायचं. येताना वाटभर तिला एकच धास्ती होती. गावाला यातलं काही ऐकायचंच नसणार. आपल्याला दारोदार फिरावं लागेल, लोक जांभया देतील, एखादी काकू म्हणेल, 'ते राहू दे, जेवलीस का?' या सगळ्यासाठी तिनं मनाची तयारी केली होती आणि भाषणंही पाठ करून ठेवली होती.

प्रत्यक्षात झालं भलतंच. थोड्याच दिवसांत गावाला भूछत्रांशिवाय दुसरा विषय उरला नाही. सकाळी दार उघडावं तर उंबऱ्याशी कोणीतरी पानात छत्री घेऊन उभं. जेवायला बसावं तर खिडकीतून हात आत यायचा आणि हातात छत्री. वैजू हरखून गेली. माझं गाव किती जिज्ञासू आहे, असं तिनं शहरातल्या मैत्रिणींना कळवूनही टाकलं.

तिला हे उशिरा कळलं, की सगळ्याला कारण झाला होता एक शब्द, आणि तो तिच्याच तोंडून निघाला होता.

पारावरच्या पहिल्याच भाषणात ती पोटतिडकीनं म्हणाली होती, "आपण या सगळ्यांना सरसकट कुत्र्याची छत्री म्हणतो. हा त्यांच्यावर अन्याय आहे. त्यात शेकडो जाती आहेत. प्रत्येकीची जात ओळखायला शिकलं पाहिजे."

तोवर पारावर निम्मे लोक पेंगत होते. 'जात' म्हटल्याबरोबर सगळे ताठ बसले.

"छत्रीलाबी जात असते?" मागून कोणीतरी विचारलं.

"असते तर."

"मग त्यात वरची कोणती?"

"वरची-खालची काही नसते. फक्त वेगळी असते," वैजू म्हणाली. पण तोपर्यंत लोक उठून रानाकडे निघाले होते.

त्या गावात दोन आळ्या होत्या, वरची आणि खालची. वरच्या आळीचे लोक पहाटे आंघोळ करून, देवाला फुलं आणायला राईत जात. खालच्या आळीचे लोक दिवसभर शेतात राबून, दिवेलागणीच्या आधी सरपण गोळा करायला त्याच राईत जात. राईत फणसाचं एक जुनं खोड आडवं पडून कुजत होतं. त्यावर छत्र्यांचे घोसच्या घोस यायचे. वरच्या आळीनं तिथून आणून दिली ती छत्री होती पांढरीशुभ्र, अंड्यासारखी मिटलेली. खालच्या आळीनं आणून दिली ती काळपट, कडा फाटलेली, पसरट.

वैजूनं दोन्ही नीट पाहिल्या. टोपी पाहिली, दांडा पाहिला, टोपीखालच्या पात्या भिंगातून पाहिल्या. मग रीतीप्रमाणे दोन्ही टोप्या कागदावर पालथ्या घातल्या, कारण टोपीतून झडणाऱ्या भुकटीचा ठसा ही त्या विद्येतली मोठी खूण असते. काळीचा ठसा लगेच उमटला, कोळशासारखा. पांढरीखालचा कागद थोड्या वेळानं उचलून पाहिला तर कोराच. आणखी वाट पाहायला हवी होती. पण बाहेर सगळा गाव खोळंबला होता आणि वैजूच्या अंगात उत्साह मावत नव्हता.

"या दोन वेगळ्या जाती आहेत," तिनं बाहेर येऊन जाहीर केलं. "पांढरीचा ठसा उमटत नाही."

"डागच पडत नाही म्हण की," मोठे काका म्हणाले.

मोठे काका म्हणजे वैजूचे चुलते. गावच्या देवळातला पहिला नारळ त्यांच्या हातचा, म्हणून सगळे त्यांना मानकरी म्हणत. वैजूला त्यांनीच लहानाचं मोठं केलं होतं आणि तिच्या विद्येचा त्यांना तिच्याहून जास्त अभिमान होता. ती नेमकी कशाची विद्या आहे, हे मात्र आपल्याला आजच कळलं, असं त्यांना वाटलं.

दुसऱ्या दिवशी खालच्या आळीतून राईत जाणाऱ्या वाटेवर बाभळीची काटेरी फांदी आडवी पडलेली होती. राईच्या पलीकडे झरा होता आणि खालच्या आळीच्या बायका तिथूनच पाणी भरत. आता त्यांना नदीचा लांबचा वळसा पडला.

"काका, हे काय?" वैजूनं विचारलं.

"शास्त्र," काका म्हणाले. "आपली पांढरी त्यांच्या काळीत मिसळायला नको. तूच तर म्हणालीस, जाती वेगळ्या."

"मी छत्र्यांबद्दल म्हणाले."

"मग मीही छत्र्यांबद्दलच म्हणतोय," काका म्हणाले आणि उपरणं झटकून निघून गेले.

खालच्या आळीत सगुणाआत्या म्हणून एक म्हातारी होती. डोक्यावर हंडा घेऊन ती वळसा घालून येत होती. वैजूला पाहून थांबली.

"वैजूबाय, लई शिकून आलीस. आमच्या गुडघ्यांची जात कुठली तेवढं सांग. नदीवर जाऊन येणारी हाय का न्हाई, ते बघायचं हाय."

वैजू हंडा उतरवून घ्यायला पुढे झाली.

"उगी ऱ्हा," आत्या म्हणाली. "पर एक कर. दोन्ही छत्र्या चारचौघांत समोर ठेव आन् सांग. तू सांगशील ते आमी मानू. काट्यांचं न्हाई मानणार."

काकांनाही ते पटलं. निकाल आपल्याच पुतणीचा, मग भीती कसली? देवळाच्या अंगणात सभा भरली. त्याच पहाटे खुडलेली पांढरी छत्री पितळेच्या ताटात, विड्याच्या पानावर मांडली. शेजारी द्रोणात खालच्या आळीनं आदल्या संध्याकाळी काट्यांतून वाट काढून आणलेली काळी. ताटाजवळ वैजू बसली. ऊन चढलं तशा माश्या येऊ लागल्या. वैजूनं म्हटलं म्हणून सगुणाआत्या मधूनमधून पदरानं वारा घालत होती.

वैजूला दोन वाक्यं बोलायची होती. पण मानाप्रमाणे आधी काका उठले. त्यांनी खापरपणजोबांपासून सुरुवात केली. ऊन पायरीवरून अंगणात उतरलं तेव्हा ते पणजोबांपर्यंत पोचले होते. पणजोबांनी बांधलेल्या ओट्यापाशी ते बराच वेळ थांबले. खालच्या आळीतल्या दोघांनी तेवढ्यात एक डुलकी काढून घेतली. आजोबा संपले तेव्हा जेवणवेळ टळून गेली होती.

वैजूचं लक्ष मात्र ताटाकडे होतं. ती आधी बेसावधपणे पाहत होती, मग सावध झाली, मग ताटावर ओणवी झाली. अंड्यासारखी छत्री घंटेसारखी उघडली होती. घंटेची कड करडी झाली होती. काका वडिलांपर्यंत आले तोवर कड बाहेर वळून फाटली आणि काळी पडली. शेजारच्या द्रोणात होती, अगदी तशी.

एकच. दोन्ही एकच होत्या. वरची आळी छत्रीला सकाळी भेटत होती, खालची आळी संध्याकाळी, एवढंच.

"आणि असा हा आमचा निर्मळ वारसा," काका शेवटी म्हणाले, आणि खाली न बघताच त्यांनी ताट उचलून सभेला दाखवण्यासाठी तिरकं केलं.

छत्री विरघळली होती. शाईसारखा काळा ओघळ पानावरून घसरला आणि काकांच्या पांढऱ्या धोतरावर, गुडघ्यापासून पायापर्यंत उतरला.

मग मागून कोणीतरी खोकल्यासारखं हसलं आणि खोकल्याची साथच आली. वरच्या आळीतलेही त्यातून सुटले नाहीत.

काकांचा चेहरा लालबुंद झाला. "हिनं केलं हे," त्यांनी सगुणाआत्याकडे बोट दाखवलं. "सकाळपासून पदर हलवतेय. हिची सावली पडली ताटावर. आता झराच काय, हे अंगणही बंद खालच्या आळीला."

खोकला थांबला. सगुणाआत्यानं पदर सावरला. मग वैजूकडे पाहिलं.

"सांग वैजू," काका म्हणाले. "सावलीनंच झालं ना?"

वैजूला उत्तर माहीत होतं. पण समोर उभे होते तिला खांद्यावर बसवून जत्रा दाखवणारे काका, शाईनं माखलेले, भर सभेत. आणि चूक होती तिची स्वतःची, जाती ओळखायला शिकून आलेल्या मुलीची.

"उद्या सकाळी सांगते," ती पुटपुटली.

घरी आल्यावर काकांनी धोतर बदललं आणि आवाजही. "हे बघ पोरी, देवळामागची मोठी खोली तुला शाळेसाठी हवी होती ना? दिली. उद्या एवढंच म्हण, सावलीनं झालं. एक शब्द. तसाही हा विषय तुझ्याखेरीज कोणाला कळतो?"

ती खोली म्हणजे वैजूचं स्वप्न होतं. तिथे कोणत्या भिंतीला कोणतं चित्र लावायचं, हेही तिनं ठरवून ठेवलं होतं. त्या रात्री तिनं मनातल्या मनात सगळी चित्रं लावून पाहिली. पण मुलं बसवायची वेळ आली की खालच्या आळीची मुलं दाराबाहेरच उभी राहत. काही केल्या ती आत येईनात.

सकाळी सगळे अंगणात जमले. खालची आळी फाटकाबाहेर उभी होती. वैजू मधोमध उभी राहिली. पाठ केलेलं एकही भाषण तिला आठवलं नाही, ते बरंच झालं.

"माझं चुकलं," ती म्हणाली. "सावली कोणाची पडली नाही. छत्री एकाच जातीची आहे. ती सकाळी पांढरी असते आणि संध्याकाळी काळी होते. तुम्ही सकाळी आणलीत, त्यांनी संध्याकाळी. मी वेळ पाहिली आणि जात सांगितली."



"आन् दुपारी?" फाटकाबाहेरून सगुणाआत्यानं विचारलं.

"दुपारी करडी."

"म्हंजी मधली आळी," आत्या म्हणाली. "ती आपल्या गावात न्हाई, बरं झालं. न्हाईतर अजून एक फांदी तोडावी लागली असती."

या वेळी कोणी खोकल्याचं सोंग केलं नाही, सरळ हसले.

काका मात्र हसले नाहीत. "खोली विसर," ते म्हणाले.

"विसरले," वैजू म्हणाली. "शाळा आजपासून राईत, फणसाच्या खोडापाशी. दोन्ही आळ्यांना एकच वेळ. उजाडल्यापासून मावळेपर्यंत बसायचं, मधून कोणी उठायचं नाही. आत्या, ती काटेरी फांदी बाजूला सारून सगळ्यांना घेऊन चला. आणि काका, पहिली जागा तुमची. मानाची आहे, सोडू नका."

या गोष्टीचं तात्पर्य सांगायचंच तर ते असं: ज्याला आपण दिवसातून एकदाच पाहिलं, त्याची जात ठरवायची घाई करू नये, आणि केलीच असेल, तर जितक्या मोठ्यानं ती जाहीर केली तितक्याच मोठ्यानं मागे घ्यावी.