पळसपारचा खांब

हिरडबांध तलावात, पूर्वेच्या काठापासून हाक ऐकू जाईल एवढ्या अंतरावर, खांबटोली पाण्यात उभी आहे. ऐनाच्या लाकडाचे काळे पडलेले खांब, त्यावर बांबूचा माळा, माळ्यावर तट्ट्यांच्या भिंतींचं घर आणि दारातून थेट पाण्यात उतरणारी शिडी. सगळी घरं सारखीच. पण प्रत्येक घराच्या पायात एक खांब वेगळा असतो. तो जांभळाचा असतो, आणि त्याला हळद लावलेली असते.

पाहुण्यांना डोंग्यातून टोली दाखवायचं काम सदाराम मारबते करतात. वय सत्तरीच्या पुढे, आवाज अजून खणखणीत. त्या दिवशी त्यांच्या डोंग्यात नागपूरच्या एक बाई होत्या आणि त्यांचे यजमान. यजमानांनी काठाकडे बोट दाखवून विचारलं, "काका, एवढी मोकळी जमीन समोर पडलीय. मग पाण्यात कशाला राहता?"

"सोय आहे ना जी," सदाराम म्हणाले. "चुलीवर रस्सा ठेवाचा आन् खिडकीतून मासोळीले म्हनाचं, ये वो माय, मसाला तयार आहे."

बाई हसल्या. "आणि तो हळदीचा खांब?"

सदारामांनी वल्हं आडवं मांडीवर घेतलं. डोंगा आपोआप हलत राहिला. "तो आमचा नाही," ते म्हणाले. "तो पळसपारचा आहे." मग त्यांनी जे सांगितलं ते असं.

पळसपार म्हणजे तलावाच्या पाळीखालचं, मातीच्या बांधाखालचं गाव. धानाच्या बांध्या, कौलारू घरं, गुराढोरांनी भरलेला पाटलाचा मोठा वाडगा. फार जुन्या काळी पळसपारनं हा तलाव बांधला, तेव्हा मातीच्या टोपल्या वाहायला ढीवरांची, म्हणजे मासे धरणाऱ्यांची माणसंही होती, असं सांगतात. तलाव भरला. ढीवरांनी पाटलाकडे पाळीलगत झोपड्यांपुरती जागा मागितली. पाटील म्हणाला, जागा नाही, तुमच्या अंगाला मासोळीचा वास येतो. त्याच पाटलाच्या घरी रोज दुपारी मासोळीच शिजत होती. पानात आलेल्या मासोळीला वास नसतो, ती आणून देणाऱ्याला असतो. हा न्याय फार जुना आहे.

"जमीन तुमची," ढीवर म्हणाले, "पानी कोनाचं?"

पाटील हसला. "मग पाण्यात राहा."

ते पाण्यात राहिले. पहिला खांब रोवला तो बिरजा नावाच्या ढीवरणीच्या नवऱ्यानं. तेव्हा बिरजा नवी नवरी होती. पुढे नवरा गेला, एकुलती लेक बाळंतपणात गेली, आणि म्हातारीजवळ राहिली चिंधी, लेकीची लेक. चिंधी हे नाव यासाठी की काळाला वाटावं, फाटकं फडकं आहे, न्यायच्या लायकीचं नाही.

आई गेली तेव्हा चिंधी दोन दिवसांची होती. टोलीत त्या वेळी दुसरी कुणी लेकुरवाळी नव्हती. पळसपारची सारजा नावाची कुणब्याची बाई रोज गवत कापायला म्हणून पाळीवर यायची, भारा बाजूला टाकायची आणि पदराखाली चिंधीला घ्यायची. तिच्या सासूनं तिला चूलबंद केलं, चुलीला शिवू देईना, पाटलानं दम दिला. सारजा येत राहिली. दोघी फारसं बोलत नसत. पोरगी पिऊन झोपली की बिरजा तिला उचलून घ्यायची आणि सारजाच्या भाऱ्याला हात लावून तो डोक्यावर चढवून द्यायची.

चिंधी पाच वर्षांची झाली त्या साली पाऊस थांबेना. धान निसवत होतं आणि तलाव पाळीच्या माथ्याला टेकला होता. एके सकाळी तुडुमाजवळ, म्हणजे जिथून बांध्यांना पाणी सोडतात त्या दाराजवळ, पाळीला भगदाड पडलं. पळसपार सारं धावलं. माती टाकली, वाहून गेली. दगड टाकले, ते मातीच्या मागे गेले. भगदाड रुंदावत चाललं आणि माणसं हातातल्या टोपल्या घेऊन नुसती उभी राहिली.

तेव्हा गावचा भगत अंगात आणून घुमला. म्हणाला, तलाव माणूस मागतो. कोवळं माणूस मागतो.

पळसपारमध्ये कोवळी माणसं शंभर होती. पाटलाच्याच ओसरीवर चार नातवंडं खेळत होती. भगतानं थोडा आणखी विचार केला आणि सांगितलं, "पाण्याचं पाण्याला द्या." बळी कुणाचा द्यायचा हे ठरवणाऱ्यांच्या घरचं पोर बळीसाठी निघाल्याचं कुठल्याच गावात कुणी ऐकलेलं नाही. पळसपारमध्येही ते निघालं नाही. भगताचं बोट पाण्याकडे वळलं. टोलीत मायबाप नसलेली पोर एकच होती.

पाटील पाळीवर येऊन टोलीला हाक देऊन बोलला, "पोर द्या. साऱ्या टोलीला पाळीवर जागा देतो. आजपासून, पिढ्यान्‌पिढ्या."

बिरजा शिडीवर उभी होती. चिंधी तिच्या लुगड्याला धरून होती. म्हातारीनं आपल्या माणसांकडे पाहिलं. ज्या जागेसाठी एकेकाळी हात जोडले होते ती जागा आज समोरून चालून आली होती, आणि कुणी हो म्हणत नव्हतं, पण नाहीही म्हणत नव्हतं. एकजण जाळ्याची गाठ सोडवत बसला. दुसऱ्यानं डोंग्यातलं पाणी उपसायला घेतलं, डोंग्यात पाणी नसताना. बिरजाला पाटलाची भीती वाटली नव्हती. आता आपल्याच माणसांची वाटली.

तिचा दीर पैकू जवळ आला आणि हळूच म्हणाला, "वैनी, पोरीले घे आन् बस डोंग्यात. त्या काठच्या जंगलात सोडतो. पाळ फुटली त फुटली. पानी खालती जाईल, आपल्यावर थोडीच येते?"

खरंच होतं ते. पाळ फुटली तर टोलीखाली चिखल उरणार होता. बुडणार होतं पळसपार. ज्यांनी जागा दिली नाही ते बुडणार होते, पाटील, भगत, वाडगा, सगळं. बिरजाच्या मनाला ते गोड वाटलं नाही असं नाही. ती काही देवी नव्हती, असं सदाराम मुद्दाम सांगतात. तिनं एक पाय डोंग्यात टाकलाही होता.

तेवढ्यात तिला पाळीवर सारजा दिसली. कमरेपर्यंत चिखलात, मातीची टोपली डोक्यावर, एकटीच अजून माती टाकत होती. बाकी सगळे बळीची वाट बघत उभे होते. पोर मिळाली तर माती कशाला टाकायची? सारजानं टोपली रिकामी केली, मान वर करून चिंधीकडे पाहिलं आणि पुन्हा माती भरायला वळली.

बिरजानं पाय मागे घेतला.

"पाटील!" ती ओरडली. "तलाव मानूस मांगत नाही. लाकूड मांगते! माती धराले आडोसा पायजे, इतकंच आहे."

"लाकूड कुठून आणू?" पाटील ओरडला. "जंगल त्या काठाला, तोडून आणेपर्यंत पाळ राहायची नाही."

"माह्या घराखाली आहे."

तिनं घरात जाऊन गाडगी-मडकी, चटई, चुलीवरचा भात, सगळं डोंग्यात ठेवलं. चिंधीला पैकूच्या हाती दिलं नाही, पाळीवर नेऊन सारजाच्या कडेवर दिलं. मग परत येऊन तट्टे सोडले, माळा उतरवला आणि खांबाच्या बुडाशी पाण्यात उतरून तो गदागदा हलवायला लागली. नवऱ्यानं रोवलेला खांब. तो सहज निघेना. म्हातारी त्याला शिव्या देत होती, म्हणे, आणि रडत होती.

"बघता काय मुडद्यांनो!" ती टोलीवर खेकसली. "पोर द्याले तयार होते, आता एक खांब नाही निघत?"

पैकूनं पहिली उडी मारली. मग जाळं सोडवणारा उठला. मग डोंगा उपसणारा. दुपार कलायच्या आत टोलीत एकही घर उभं राहिलं नाही. डोंगेच्या डोंगे भरून खांब भगदाडाशी गेले. लाकडी मोगरींनी ते एकाला एक लावून ठोकले. त्यांना जाळी बांधली, जाळ्यांत पळसाच्या फांद्या कोंबल्या आणि वर पळसपारनं माती टाकली. या वेळी माती थांबली. अंधार पडायच्या आधी पाणीही थांबलं.

पाळ वाचली, धान वाचलं, पोर वाचली. भगत तेवढा दिसेनासा झाला. तलावानं नेमकं काय मागितलं होतं ते त्याला विचारायचं राहूनच गेलं.

पाटील पाण्याच्या कडेला आला. समोर साऱ्या टोलीचे संसार डोंग्यांत तरंगत होते. मान खाली घालून तो म्हणाला, "बाई, या पाळीवर. जागा देतो. पोरीशिवाय देतो."

बिरजानं चिंधीला सारजाकडून घेतलं. सारजाच्या चिखलाच्या पायांना हात लावला. सारजा म्हणाली, "माह्याच पाया काय पडता वो माय, घर त तुमचं गेलं!" आणि तिनंही वाकून बिरजाचे पाय धरले. मग म्हातारी पाटलाकडे वळली.

"जागा आमची आहे," ती म्हणाली. "खांब तेवढे गेले. खांब द्या."

एवढं सांगून सदारामांनी वल्हं उचललं. नागपूरच्या बाईंनी शेजारून जाणाऱ्या हळदीच्या खांबाला हात लावला.

आजही पळसपार खांब देतं. त्यासाठी गावानं पाळीखाली जांभळाची झाडं राखली आहेत, कारण जांभळाचं लाकूड पाण्यात लवकर कुजत नाही. पोळा झाला की एक खांब हळद लावून, वाजतगाजत पाळीवर आणतात, आणि ज्या घराचा जुना झाला असेल त्या घराला तो देतात. पाटलाच्या घरचा कर्ता पुरुष खांब खांद्यावर घेऊन छातीइतक्या पाण्यात उतरतो. पण रोवायच्या आधी त्याला विचारावं लागतं, आणि तेही टोलीतल्या सर्वांत लहान बोलत्या मुलीला. तिला शिडीवर बसवतात. तो खालून विचारतो, "खांब रोवू का, बाई?" ती "रोवा" म्हणेपर्यंत मोगरी उचलायची नाही.

मागच्या साली पैकूच्या वंशातली तीन वर्षांची तन्वी बसली होती. पाटलांनी विचारलं तेव्हा तिच्या तोंडात अख्खा लाडू होता. पाऊस भुरभुरत होता. पाटलांना शिंका आल्या. दोन्ही गावं पाळीवर आणि डोंग्यांत हात जोडून उभी होती. पोरीनं लाडू सावकाश चावला, गिळला, बोटं चाटली. तिला कुणी घाई केली नाही.